बेहजादच्या मापाचे मोजे

कोलोन, १ डिसेंबर १९९१

मलीहे,

पुढच्या शुक्रवारी मी फोन करीन तेव्हा आईला फोनवर आण. एवढं एकच वाक्य लिहून पाकीट बंद करायचं ठरवलं होतं. पण मला एका वाक्यात थांबता येत नाही, हे तुझंच मत. तेव्हा वाच.

चार शुक्रवार झाले. पहिल्या शुक्रवारी आई अंघोळीला गेली होती. दुसऱ्या शुक्रवारी झोपली होती. जी बाई आयुष्यात कधी दुपारी आडवी झाली नाही, ती चार वाजता झोपली होती! तिसऱ्या शुक्रवारी ती मावशीबरोबर मशहदला यात्रेला गेली होती. परवा विचारलं तर म्हणालीस, "अजून तिकडेच आहे दादाश, तिथे तिचं मन रमलंय." अंगणातल्या तीन पायऱ्या उतरताना माझा खांदा धरणारी बाई लाहिजानहून मशहदला गेली आणि तिथे रमली. मलीहे, तू माझी बहीण आहेस, सरकारी प्रवक्ता नाहीस. अशी निवेदनं मी रेडिओवर खूप ऐकली आहेत.

आणि आता मोज्यांचं काय ते सांग.

फरांगीस खानूम इराणहून पार्सल घेऊन आल्या. कुलूचे बिस्किटं, अक्रोड, लसणाचं लोणचं, सगळं धड पोचलं. आणि दरवर्षीप्रमाणे मोज्यांचे दोन जोड. करडा माझा, तपकिरी बेहजादचा. बेहजादचा पाय माझ्यापेक्षा तीन बोटं लांब, हे आई विसरेल? ती नमाजाच्या रकाती मोजताना चुकेल, भातात मीठ दोनदा घालेल, पण त्या पोराच्या पावलाचं माप तिच्या हातात आहे. या वर्षी दोन्ही जोड माझ्याच मापाचे आले आहेत. तपकिरी जोड मी स्वतः घालून पाहिला. नेमका बसला. म्हणजे हे मोजे आईने विणलेले नाहीत. मग कोणी विणले? आणि आईने का नाही विणले?

बेहजादचे मोजे घालायला इथे कोणी नाही, हे तुला आणि मला ठाऊक आहे. गेल्या वर्षीपर्यंतचे आठ जोड माझ्या कपाटात खालच्या खणात पडून आहेत. पण आईला ते ठाऊक नाही, आणि व्हायचंही नाही, असं त्र्याऐंशी साली आपल्या दोघांचं ठरलं. तिचं हृदय ते सोसणार नाही, असं डॉक्टर म्हणाले होते. म्हणून तर मी तिच्यासाठी त्याच्या नावाने पत्रं लिहितो आणि तू ती तिला वाचून दाखवतेस. तेव्हा तिच्या मनात तो जिवंतच आहे. मग जिवंत मुलाच्या पायाचं माप ती का विसरेल?

सोबत बेहजादचं पत्र आहे. नेहमीसारखं मोठ्याने वाच. त्याला नोकरीत बढती मिळाली आहे.

अर्दवान


कोलोन, १२ जानेवारी १९९२

मलीहे,

तुझं पत्र मिळालं. अकरा ओळी. त्यातल्या चार बर्फाबद्दल, तीन भाताच्या पिकाबद्दल, दोन तुझ्या दातदुखीबद्दल. आईबद्दल दोन. "आई मशहदहून सुखरूप आली. कानाचा त्रास वाढलाय, फोनवर काही ऐकू येत नाही, म्हणून बोलत नाही." बरं, ऐकू येत नाही. पण बोलता तर येतं ना? तिला म्हणावं, तू नुसती बोल, मी नुसता ऐकतो. आयुष्यभर उलटंच चालत आलंय, एकदा असंही होऊ दे.

मोज्यांबद्दल तू एक अक्षर लिहिलं नाहीस.

गेल्या आठवड्यात फ्रांकफुर्टला भाषण होतं. विषय सेन्सॉरशिप. तीनशे माणसं होती, त्यांत निम्मे जर्मन. मी त्यांना म्हणालो, हुकूमशाही तुरुंगात सुरू होत नाही. ती घरात सुरू होते, जिथे कोणीतरी कोणाच्यातरी भल्यासाठी ठरवतं की त्याने काय ऐकावं. जो माणूस तुमच्या काळजीपोटी तुमच्यापासून सत्य लपवतो, त्याच्या खिशात कात्री असते. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. मला तुझी आठवण झाली, म्हणून हे लिहितो. ते भाषण तुझ्यासाठीच होतं असं समज.

हो, मलाही कळतं. ते भाषण देऊन मी गाडीत बसलो आणि गुडघ्यावर वही ठेवून बेहजादचं पत्र लिहिलं. पण तो भाग वेगळा आहे. आईचं हृदय कमजोर आहे. माझं नाही.

एक चांगली बातमी. इथे मी जिंकायला लागलोय. कलांतरी तुला आठवत असेल, दर पत्रात मी ज्याच्या नावाने खडे फोडतो तो. टॅक्सी चालवतो, आणि माझ्या समितीच्या विरोधात स्वतःची समिती चालवतो. नऊ वर्षांत या माणसाने माझं एक वाक्य पुरं होऊ दिलेलं नाही. मी म्हणालो आज रविवार आहे, तर तो उभा राहून म्हणायचा, "कोणाचा रविवार? कामगाराचा की मालकाचा?" तर हाच कलांतरी गेल्या सभेत माझं चाळीस मिनिटांचं भाषण ऐकून घेऊन म्हणाला, "अर्दवान आगांचं बरोबर आहे." मला वाटलं, माझे कान गेले. आईसारखे.

शेवटी विचाराला ताकद असते, मलीहे. उशीर लागतो, पण माणसं वळतात.

शुक्रवारी फोन करतोय.

अर्दवान


कोलोन, २३ मार्च १९९२

मलीहे,

नवं वर्ष सुखाचं जावो. तुझा आवाज फोनवर असा का होता? सणाच्या दिवशी असं रडवेलं बोलतात का? मी विचारलं, आई कुठे आहे, निदान आज तरी दे. तू म्हणालीस, "तिला सर्दी झालीय दादाश, आवाज बसलाय. पण तुझी खूप आठवण काढते." ठीक आहे. सर्दी तर सर्दी. कोमट पाण्यात मीठ घालून गुळण्या करायला सांग.

इथला नवरोज विचित्र झाला. सभागृहात पाय ठेवला तर जो तो उठून माझ्या गालांचे मुके घेतोय. ज्यांनी सत्त्याऐंशी सालापासून मला सलाम केला नाही, त्यांनी माझा कोट काढून घेतला. वाणसामानवाला हाशेम आगा माझा हात दोन्ही हातांत धरून म्हणाला, "तुमचं आयुष्य वाढो, आगा शायर, तुमचं आयुष्य वाढो." मी म्हणालो, "आयुष्याचं राहू दे, गेल्या महिन्याचा तांदूळ जुना होता." त्यावरही तो हसला नाही. नुसती मान हलवत राहिला.

आणि हलवा! दर गुरुवारी संध्याकाळी कोणी ना कोणी ताटली झाकून माझ्या दारात ठेवून जातं. हलवा आणि खजूर. कलांतरीची बायको शहला खानूम तर दोनदा येऊन गेली. नवरोजच्या आठवड्यातही हलवाच. मी म्हणालो, "खानूम, सणाला कोणी हलवा करतं का? मला तो घशाशी येतो." ती म्हणाली, "खा हो, चार घास खा." मी खाल्ला. माझ्यासारख्या शाळेच्या रखवालदाराला आयतं मिळालेलं नाकारण्याची चैन परवडत नाही.

पण खरी बातमी पुढेच आहे. सभेत मी ठराव मांडला, दोन्ही समित्या एक कराव्यात. नऊ वर्षं मांडतोय, नऊ वर्षं पडतोय. या वर्षी एक्केचाळीस माणसांनी एक्केचाळीस हात वर केले. एकमताने! मलीहे, चार इराणी माणसांचं कबाब कुठे खायचा यावर एकमत होत नाही. मला भाषण सुचेना. खाली बसलो तर कलांतरीने माझ्यासमोर पाण्याचा पेला सरकवला आणि पाठीवरून हात फिरवला.

आनंद व्हायला हवा होता. खरं सांगायचं तर चीड आली. ज्या गोष्टीसाठी मी नऊ वर्षं घसा फोडला, ती अशी कोणी टोपलीत घालून दारात ठेवून जावं, तशी मिळाली. कोणी प्रश्न विचारला नाही. कोणी भांडलं नाही. विरोधकाशिवाय माझं भाषण म्हणजे हवेत मारलेली बुक्की.

आईच्या गुळण्यांचं विसरू नकोस.

अर्दवान


कोलोन, २ एप्रिल १९९२

मलीहे,

दहा दिवस लागले मला. शब्दांवर जगणाऱ्या माणसाला एक वाक्य ओळखायला दहा दिवस लागले.

"सर्दी झालीय, आवाज बसलाय. पण तुझी खूप आठवण काढतो."

हे माझं वाक्य आहे. त्र्याऐंशी सालच्या नोव्हेंबरमध्ये कोलोनमधून पहिल्यांदा फोन लागला, आई ओरडली, "बेहजादला दे!" तेव्हा मी हे वाक्य बोललो होतो. तुझे आधीचे सगळे बहाणेही माझेच आहेत, त्यापुढच्या फोनांवरचे. तो अंघोळीला गेलाय. तो झोपलाय. तो हॅम्बुर्गला गेलाय, तिथे त्याचं मन रमलंय. तू हॅम्बुर्गच्या जागी मशहद घातलंस, एवढंच. मी काल शाळेच्या जिन्यावर बल्ब बदलत होतो आणि तुझा आवाज कानात आला, आणि मी शिडीवरून उतरलो आणि सर्वांत खालच्या पायरीवर बसलो.

तरीही मनाला म्हणालो, पुरावा हवा. म्हणून दुपारी सरळ कलांतरीच्या घरी गेलो. ठरवून गेलो, भांडायला.

दारातच सुरुवात केली. "कलांतरी, तुझं शेवटचं पत्रक म्हणजे चौथीतल्या मुलाचा निबंध आहे. तोही शेजारच्याचा बघून लिहिलेला."

"या ना, आत या," तो म्हणाला. "चहा आत्ताच झालाय."

"तुझ्या समितीत तू आणि तुझा मेव्हणा, दोघंच उरलाय. त्यातला मेव्हणा बहिरा आहे."

"खरंय तुमचं. साखर किती घेता?"

तुमचं! नऊ वर्षं हा माणूस मला अरेतुरे करतोय. मी टेबलावर हात आपटला. "तू भित्रा आहेस. तू आधी शहाच्या पोलिसांना भ्यालास, मग या दाढीवाल्यांना भ्यालास, आता बायकोला भितोस!"

"असेन," तो म्हणाला. त्याचे कान लाल झाले होते. हातातल्या किटलीतून तो चहा ओतत राहिला. मला माहीत आहे त्याचे कान लाल झाले की पुढे काय येतं. पण काहीच आलं नाही.

"कलांतरी," मी म्हणालो, "मला शिवी दे. एक दे. तुझ्या हातापाया पडतो, मला एक शिवी दे."

त्याने किटली खाली ठेवली. म्हणाला, "या वर्षी नाही, अर्दवान. वर्ष सरू दे. मग बघतो तुला."

"कोणाचं वर्ष?"

स्वयंपाकघरातून शहला खानूमचा आवाज आला. "झालं! मी म्हटलं होतं, याच्या तोंडात तीळ भिजायचा नाही!"

मग कळलं की सगळ्या कोलोनला ठाऊक होतं. फरांगीस खानूम मोज्यांबरोबर ती बातमीही घेऊन आल्या होत्या, आणि तू त्यांना शपथ घातली होतीस. एक्केचाळीस माणसांनी हात वर केले ते माझ्या ठरावाला नाही. ज्याची आई गेली आहे आणि ज्याला ते ठाऊक नाही, अशा माणसाच्या तोंडावर नाही कसं म्हणायचं, म्हणून केले. आणि मी चार महिने दर गुरुवारी, मेलेल्यांच्या नावाने हलवा वाटतात त्या दिवशी, माझ्या आईच्या नावाचा हलवा खाल्ला आणि तक्रार केली की तो घशाशी येतो.

कोणी दिला तुला हा अधिकार? मी सेहेचाळीस वर्षांचा आहे. मी दोन राजवटींच्या तुरुंगांत राहिलोय. माझ्या कवितांतून शब्द कापले गेले, ओळी कापल्या गेल्या, पुस्तकं कापली गेली, पण माझी आई कोणी कापून काढली नव्हती. ती तू काढलीस. तू माझ्याकडून माझं रडणं काढून घेतलंस आणि ते दुसऱ्यांना वाटलंस.

मला तारीख हवी आहे. तिला कोणी न्हाऊ घातलं, कुठे पुरलं, शेवटी काय बोलली, ते सगळं हवं आहे. फोनवर नको. तुझ्या हाताने, कागदावर. आणि मोज्यांबद्दलही लिही, कारण ते मला अजून समजलेले नाहीत.

अर्दवान


कोलोन, ११ मे १९९२

मलीहे-जान,

तुझं सतरा पानी पत्र मिळालं. तू मला एवढ्या शिव्या दिल्यास की कलांतरीची उणीव भरून निघाली. "तू अडीच हजार मैलांवरून भाषणं ठोकतोस, इथे रोज रात्री उशा बदलणारी मी होते." कबूल. "आठ वर्षं एका मेलेल्या भावाची पत्रं हसत हसत वाचून दाखवायला काय लागतं, ते तुझ्या त्या टाळ्या वाजवणाऱ्या जर्मनांना विचार." तेही कबूल. "हे खोटं बोलायला मला तूच शिकवलंस." हे तर सगळ्यांत आधी कबूल करायला हवं होतं.

सहा नोव्हेंबर. बुधवार, पहाटे. तारीख मी आता भिंतीवर लिहून ठेवली आहे.

तुझं नववं पान मी पाठ केलं आहे. तू लिहितेस, ऑक्टोबरमध्ये आई उशीला टेकून मोजे विणत होती. तपकिरी जोड तू हातात घेतलास आणि म्हणालीस, "आई, हा लहान होतोय. बेहजादचा पाय मोठा आहे." आणि आई सुई न थांबवता म्हणाली, "आता मोठ्या मापाला लोकर कशाला घालवू, बाई?"

ती पुढे म्हणाली, "तिसऱ्या पत्रातच कळलं मला. त्यात चंद्राबद्दल लिहिलं होतं. माझ्या बेहजादने आयुष्यात कधी चंद्राकडे पाहिलं का? त्याने मला पत्र लिहिलं असतं तर लिहिलं असतं, आई, इथलं जेवण घाण आहे, पैसे पाठव."

मलीहे, मी हे वाचून हसलो. शाळेच्या अंगणात, मुलांच्या देखत, मोठ्याने हसलो. पंचवीस वर्षं लोक माझी शैली वाखाणतात. एका निरक्षर बाईने तिसऱ्याच पत्रात ती पकडली.

तू विचारलंस, "मग तू मला ती पत्रं का वाचायला लावलीस?" तर म्हणाली, "त्याला लिहून बरं वाटत होतं. लिहू दे की." म्हणून ती सात-आठ वर्षं मोठ्या मापाचे मोजे विणत राहिली, माझ्या समाधानासाठी. आणि मी ते खणात टाकत राहिलो, तिच्या समाधानासाठी. आणि मध्ये तू.

"हा दुसरा जोडही अर्दवानलाच होईल," ती म्हणाली. "त्याला लहानपणापासून थंडी सोसत नाही. एकावर एक दोन मोजे लागतात त्याला."

ते वाक्य तू सहज लिहून गेलीस. तुला ठाऊक नाही ते तू कोणाला लिहिलंस. म्हणून आता मी सांगतो. नऊ वर्षं सांगितलं नाही. तुला मी तुर्कस्तानातल्या वानहून लिहिलं होतं की बेहजाद तापाने गेला. ताप होता, ते खरं आहे. तो कशामुळे आला, ते लिहिलं नव्हतं.

सरहद्दीवरचे डोंगर ओलांडायला चार दिवस लागले. तिसऱ्या दिवशी ओढ्यात बर्फ फुटला आणि आम्हा दोघांचेही पाय भिजले. पिशवीत आईने विणलेले कोरडे मोजे दोन जोड होते, एक माझा, एक त्याचा. मी माझे घातले. मी थरथरत होतो, मला खोकला होता, मी ओरडत होतो की पाय जाणवत नाहीत, मी पुढे येणार नाही. तुला माहीत आहे मी कसा ओरडतो. त्याने स्वतःचा कोरडा जोड पिशवीतून काढून माझ्या मोज्यांवर चढवला. म्हणाला, "घे, रडूबाई. लहानपणापासून तुला दोन-दोन लागतात. तुला तिकडे जाऊन भाषणं करायची आहेत. मला काय, मला नुसतं चालायचंय." आणि ओल्या बुटांत तो आणखी दीड दिवस चालला. शीळ घालत होता. वानच्या इस्पितळात त्यांनी आधी बोटं काढली, मग पाऊल, मग उशीर झाला होता.

मी नाही म्हणालो नाही, मलीहे. एकदाही नाही. वरवरचंसुद्धा नाही. आपल्याकडे चहाचा पेला पुढे केला तरी माणूस तीनदा नको म्हणतो. मी एकदाही नको म्हणालो नाही.

आईचं हृदय सोसणार नाही, हे मी सगळ्यांना सांगत आलो. आईचं हृदय तिसऱ्या पत्रापासून सोसत होतं. कात्री माझ्या खिशात होती, आणि ती मी माझ्यासाठी ठेवली होती.

आता कामाचं. आईच्या कबरीवर दगड अजून बसवला नाही, असं लिहितेस, आणि माझ्याकडून दोन ओळी मागतेस. मी आठवडाभर प्रयत्न केला. जे सुचतं त्यात चंद्र येतो. तेव्हा ओळी नकोत. तिचं नाव घाल, त्याखाली बेहजादचं नाव घाल. तो वानमध्ये पुरलेला आहे, तिथे त्याच्या डोक्याशी नुसता आकडा आहे. लोकांनी विचारलं तर सांग. काय झालं ते सगळं सांग, मोज्यांसकट. गल्लीत कळू दे.

कलांतरीला मी सांगितलं की वर्षाची वाट पाहू नकोस, मला सवड नाही. काल सभेत मी उभा राहून मार्चमधला ठराव मागे घेतला आणि पुन्हा मांडला. कलांतरी उठला. म्हणाला, "या बाजारू वक्त्याने नऊ वर्षांत एक नवा विचार मांडलेला नाही!" सव्वा तास भांडलो. ठराव एकोणीस विरुद्ध बावीस मतांनी पडला. बाहेर पडताना त्याने मला कोट घातला नाही, मुका घेतला नाही, दार माझ्या तोंडावर सोडलं.

इथे मे महिन्यात कोणी लोकर घालत नाही. मी करडा जोड घातलाय, त्यावर तपकिरी. बुटांत पाय मावत नाहीत, म्हणून आज शाळेत चपलांवर हिंडतोय आणि पोरं बोट दाखवून हसताहेत.

शुक्रवारी फोन करीन. आता कोणी अंघोळीला गेलेलं नसेल, कोणी हॅम्बुर्गला गेलेलं नसेल. आपण दोघंच उरलोय. पहिल्या घंटेला उचल.

तुझा दादाश,
अर्दवान